बोलपटातला एमिल

बालनटाचे चरित्र सांगायचे म्हणजे बहुधा दोन-चार चित्रांची नावे घेऊन थांबावे लागते. बर्लिनच्या रोल्फ वेंकहाउसची चित्रे तर तीनच. पण त्यांतली पहिली आणि शेवटची भूमिका शेजारी शेजारी ठेवली, म्हणजे त्या देशावर काय गुदरले ते आपल्याला एकाच मुलाच्या चेहऱ्यावर वाचता येते.

रोल्फचा जन्म १९१७ चा. एरिख केस्टनर यांची ‘एमिल आणि गुप्तहेर’ ही मुलांची कादंबरी १९२९ साली निघाली व अफाट खपली. १९३१ मध्ये गेरहार्ड लांप्रेख्ट यांनी उफा कंपनीसाठी तिचा बोलपट केला. पटकथा पुढे हॉलिवुडात नावाजलेल्या बिली वाइल्डर यांची. आईने कष्टाने मिळवलेले पैसे आजीला पोचवायला निघालेला एमिल आगगाडीत लुबाडला जातो आणि बर्लिनची पोरे जमवून चोराचा पिच्छा पुरवतो. नोटा त्याने कोटाला टाचणीने टोचून ठेवल्या होत्या. त्या छिद्रांवरूनच चोरी शाबीत होते. लांप्रेख्ट कॅमेरा घेऊन खऱ्या रस्त्यांवर उतरले, आणि मुलांना त्यांनी नाटकी बोलू दिले नाही. रोल्फचा एमिल हुशारीचा आव आणत नाही. घाबरतो, गोंधळतो, पण मागे हटत नाही. आमच्या मते हीच त्याची खरी करामत.

१९३३ च्या जानेवारीत हिटलर सत्तेवर आला. वाइल्डर देश सोडून गेले. मे महिन्यात बर्लिनमध्ये केस्टनर यांची पुस्तके जाळली गेली, आणि ते स्वतः गर्दीत उभे राहून ते पाहत होते. (‘एमिल’ मात्र इतके लाडके, की त्याला तेव्हा हात लागला नाही!) जूनमध्ये ‘एस. ए. मान ब्रांड’ हे नाझी प्रचाराचे चित्र आले. त्यात पक्षापायी प्राण देणारा कोवळा हिटलर-युवक झाला होता आपला एमिल. निरागसपणा तोच, विकायचा माल तेवढा बदललेला. पंधरा वर्षांच्या मुलाला त्याबद्दल किती बोल लावावा, हा प्रश्न आम्हाला सोपा वाटत नाही. पुढे तो पडद्यावर दिसला नाही.

१९४२ च्या जानेवारीत त्याचे बॉम्बफेकी विमान आयर्लंडच्या किनाऱ्याजवळ पाडले गेले. तो तेव्हा चोवीस वर्षांचा होता. भोंगेवाला गुस्ताव झालेला हान्स योआखिम शाउफुस १९४१ साली रशियाच्या आघाडीवर पडला. आणि सारे साथीदार चोरामागे धावत असता टेलिफोनजवळ इमानाने बसून राहणारा छोटा ‘मंगळवार’, हान्स आल्ब्रेख्ट ल्योर, तोही तिथेच, १९४२ साली. केस्टनर १९७४ पर्यंत जगले.