पट आणि पत्ते – भाग ६ : कथा नियमात कुठून शिरते?

खोक्यावर ड्रॅगन छापला म्हणून आतला खेळ अद्भुत होत नाही. लुडोच्या सोंगट्यांना राक्षसांची डोकी बसवली तरी सहा पडल्याशिवाय राक्षस घराबाहेर येत नाही, आणि सहा पडण्याचा त्याच्या राक्षसपणाशी काडीचा संबंध नसतो. बाजारातले निम्मे ‘फँटसी’ खेळ या जातीचे आहेत. मागच्या पाच भागांत आपण या खेळांची चित्रं आणि त्यांची जगं पाहिली. आज चित्र बाजूला ठेवून नियमांकडे वळू.

सुरुवात घराजवळूनच करता येते. नाशिक रस्त्याने जाताना मोशीला उजवीकडे वळलं की आळंदी. सापशिडीचा पूर्वज असलेला मोक्षपट आळंदीच्या ज्ञानदेवांनी रचला असं परंपरा सांगते. आज हाती असलेले पट मात्र त्यांच्या काळानंतर काही शतकांनी तयार झालेले आहेत. भांडारकर संस्थेचे ग्रंथपाल राहिलेले वा. ल. मंजूळ यांनी महाराष्ट्रातल्या मोक्षपटांचा बराच शोध घेतला. याच कुळातले पट राजस्थान-गुजरातेत ‘ज्ञानचौपर’ म्हणून खेळले जात. जैनांच्या पटावर बहुधा ८४ घरं, वैष्णवांच्या एका प्रकारात ७२. पेशवाई बुडाल्यावर पुण्याचा कलेक्टर झालेल्या हेन्री डंडास रॉबर्टसनने याच कुळातला एक वैष्णव पट १८३१ मध्ये लंडनच्या रॉयल एशियाटिक सोसायटीला भेट दिला होता. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस इंग्लंडमध्ये खेळ छापून विकला जाऊ लागला, आणि हळूहळू त्यातले सद्गुण-दुर्गुण गळून नुसते साप आणि शिड्या उरल्या. तेच खोकं पुढे आपल्याकडे वाढदिवसाची भेट म्हणून परत आलं.

मोक्षपटात कथा हाच नियम आहे. लोभाच्या घरात पाय पडला की साप खाली नेतो, भक्तीच्या घरात पडला की शिडी वर नेते. साप काढून टाकला तर चित्र बिघडत नाही, खेळच मोडतो. पण खेळाडूला करण्यासारखं काय उरतं? कवड्या टाकायच्या आणि पडेल ते दान सोसायचं. अध्यात्म म्हणून हे नेमकं असेल. खेळ म्हणून, माझ्या मते, दोन डावांनंतर कंटाळा येतो.

दुसरं टोक सावंतवाडीला. तिथली दशावतारी गंजिफा म्हणजे गोल, हाताने रंगवलेले, लाखेचा मुलामा दिलेले १२० पत्ते. दहा अवतारांचे दहा रंग. प्रत्येक रंगात राजा, प्रधान आणि एक्क्यापासून दहापर्यंतचे पत्ते. गंजिफा आपल्याकडे मुघलांबरोबर रुजली. बाबराने १५२७ मध्ये सिंधच्या शाह हसनला गंजिफा पाठवल्याची नोंद त्याच्या आत्मचरित्रात आहे, आणि अकबराच्या १४४ पत्त्यांच्या जोडाचं वर्णन ‘आईन-ए-अकबरी’त आहे. गेल्या शंभरेक वर्षांत यंत्रावर छापलेल्या स्वस्त पत्त्यांनी हा खेळ मागे सारला. सावंतवाडीत चिताऱ्यांचं हे काम जवळजवळ थांबलं होतं, ते तिथल्या राजघराण्यातले शिवरामराजे आणि सत्त्वशीलादेवी भोसले यांनी राजवाड्यातच कारखाना काढून पुन्हा उभं केलं. २०२४ मध्ये या गंजिफेला भौगोलिक मानांकनही मिळालं.

आता हिची नियमावली पाहा. दिवसा खेळत असाल तर रामाचा राजा ज्याच्या हाती तो सुरुवात करतो, रात्री कृष्णाचा. पाच अवतारांच्या रंगात मोठा आकडा वरचढ, उरलेल्या पाचांत उलट: एक्का वरचढ आणि दहा सगळ्यांत दुबळा. तिघांत चाळीस-चाळीस पत्ते वाटले जातात. एका रंगाने दुसऱ्याला मारायची सोय नाही. त्यामुळे कुठल्या रंगातला सर्वांत मोठा पत्ता अजून बाहेर आहे हे डोक्यात ठेवणं हाच खेळ, आणि तो भलताच अवघड आहे. इथे खेळाडूला अक्कल लढवायला भरपूर वाव आहे, पण कथा उंबरठ्यावरच थांबते. नृसिंहाचा राजा नृसिंहासारखा वागत नाही, वामनाचा प्रधान कुणाकडे तीन पावलं जमीन मागत नाही. अवतार पुसून दहा फळं रंगवली तरी डाव तसाच चालेल.

या दोन टोकांमधलं अंतर तोडलं अमेरिकेतल्या एका गणितज्ञाने. रिचर्ड गारफिल्ड आपला एक बोर्ड गेम घेऊन ‘विझार्ड्स ऑफ द कोस्ट’ या नव्या कंपनीकडे गेला. तो छापणं परवडणार नाही, लहान आणि झटपट संपणारं काही आण, असं कंपनीचे पीटर ॲडकिसन म्हणाले. त्यातून ऑगस्ट १९९३ मध्ये ‘मॅजिक : द गॅदरिंग’ आला. त्याची मूळ कल्पना तीन शब्दांत मावते: पत्त्याने नियम मोडावा. नियमावली आणि पत्त्यावरचा मजकूर यांत विरोध आला तर पत्त्याचं खरं. ही युक्ती १९७७ च्या ‘कॉस्मिक एन्काउंटर’ या बोर्ड गेमवरून सुचली, हे गारफिल्डने मोकळेपणाने सांगितलं आहे. नृसिंहाला नृसिंहासारखं वागता येईल ते या रचनेत. ‘दिवसाही नाही, रात्रीही नाही’ हे त्याच्या शत्रूचं वरदान पत्त्यावर लिहा आणि ते फोडायची पळवाट दुसऱ्या पत्त्यावर ठेवा. कथा खेळली जाऊ लागते.

पिंपरी-चिंचवडकरांना आपलं वाटेल असं उदाहरण याच खेळात आहे. सप्टेंबर २०१६ मध्ये आलेल्या ‘कलादेश’ या संचाचं जग भारतावरून बेतलेलं होतं: जरीच्या नक्षीसारखी यंत्रं, संशोधकांची जत्रा, कारागिरांची शहरं. (२०२५ च्या ‘ईथरड्रिफ्ट’ संचात त्या जगाचं नाव बदलून ‘अविष्कार’ झालं.) त्यात प्रथमच ‘वाहन’ हा पत्त्याचा प्रकार आला. वाहन आपण होऊन लढत नाही. आपल्या बाजूच्या पात्रांना त्यावर कामाला बसवावं लागतं. त्यांची एकूण ताकद वाहनावर छापलेल्या आकड्याइतकी भरली पाहिजे आणि चाक हाती घेतलेल्या पात्राला त्या खेपेला स्वतः हल्ला करता येत नाही. चाकणच्या असेंब्ली लाइनवर मॅनिंगचा हिशेब करणाऱ्याला हा नियम समजावून सांगावा लागणार नाही. ‘स्मगलर्स कॉप्टर’ नावाचं वाहन तर अवघ्या एक ताकदीच्या माणसावर उडायचं आणि इतकं भारी पडायचं की जो तो तेच वापरू लागला. शेवटी जानेवारी २०१७ मध्ये स्टँडर्ड प्रकाराच्या स्पर्धांत त्यावर बंदी आली.

इथवर कौतुक. आता हे पत्ते ज्या पाकिटातून विकले जातात त्याकडे येऊ. मोक्षपटातलं दान पटावर पडतं, मॅजिकमधलं दुकानाच्या गल्ल्यावरच पडून जातं. पाकीट बंद असतं. सुरुवातीच्या काळात त्यात १५ पत्ते असत: ११ साधे, ३ कमी सापडणारे आणि १ दुर्मीळ. समजा, एका संचात ६० दुर्मीळ पत्ते आहेत, सगळे सारख्याच प्रमाणात, आणि तुम्हाला त्यांतला एकच हवा आहे. ६० पाकिटं फोडलीत तरी तो न मिळण्याची शक्यता ३६ टक्क्यांहून जास्त राहते. साठही दुर्मीळ पत्ते जमवायचे तर सरासरी २८१ पाकिटं लागतील. एसक्यूसीत (सांख्यिकी गुणवत्ता नियंत्रणात) काम करणाऱ्या वाचकांनी गणित तपासून पाहावं. गंजिफा १२० पत्त्यांवर पूर्ण होते. हा संग्रह पूर्ण होऊ नये अशीच त्याची घडण आहे.

शिवाय पत्त्यांचा दुय्यम बाजार. १९९५ मध्ये कंपनीने जुने पत्ते पुन्हा छापले तेव्हा साठेदार संतापले, कारण भाव कोसळले. पुढच्याच वर्षी काही पत्ते कधीच पुन्हा न छापण्याची यादी जाहीर झाली. तेव्हापासून काही पत्ते प्लास्टिकच्या कवचात बंद आहेत, त्यांनी कोणी खेळत नाही. मला हे खेळाचं अधःपतन वाटतं. जमवणाऱ्यांना वाटत नाही, आणि त्यांचे पैसे त्यांचेच आहेत.

यावर उपाय निघालेला आहे. काही कंपन्या आता विस्तार विकतात तेव्हा पाकिटात काय आहे ते बाहेर लिहिलेलं असतं आणि प्रत्येकाला तेच मिळतं. गारफिल्डचाच १९९६ चा ‘नेटरनर’ २०१२ मध्ये या पद्धतीने पुन्हा आला आणि चांगला रुजला.

घरात दहा-बारा वर्षांचं मूल ‘पोकेमॉन’ किंवा ‘मॅजिक’चा हट्ट धरून बसलं असेल तर सुटी पाकिटं घेऊ नका. खेळायला तयार असे दोन डेक घ्या, समोर बसा आणि पत्त्यांवरचा मजकूर त्याच्याकडून मोठ्याने वाचून घ्या. एखादा पत्ता नियम मोडतो तेव्हा तो का मोडतो, हे त्याला विचारा.

पुढच्या आठवड्यात पट, फासे आणि सोंगट्या बनतात कशा ते पाहू: पंचिंग डाय, मोल्ड, खोकं आणि त्यांचा खर्च. भोसरी-तळवड्यात टूल रूम किंवा मोल्डिंगचं काम करणाऱ्या वाचकांनी आपले प्रश्न त्याआधी पाठवावेत.