झीन आणि मन: लिंगभावाबद्दल स्वतः लिहून छापलेल्या पुस्तिकेचा उपयोग किती?

झीन हा शब्द मारेगावात सहसा कानावर पडणार नाही. वस्तू मात्र ओळखीची आहे. शाळेत कधी हस्तलिखित काढले असेल, तर तुम्ही जवळपास तेच केले आहे. फरक एवढाच की हस्तलिखितावर गुरुजींची नजर असते, झीनवर कुणाचीच नसते. स्वतः लिहायचे, स्वतः चित्रे काढायची, झेरॉक्स करून दुमडायचे, पिन मारायची आणि ज्यांना द्यावेसे वाटेल त्यांनाच द्यायचे.

मुंबई-पुण्यात काही तरुण मुले-मुली आपल्या लिंगभावाबद्दल आणि नैराश्याबद्दल अशा पुस्तिका काढतात. मोबाइलवर त्या पाहून तालुक्याच्या गावातल्या एखाद्याच्या मनातही प्रश्न येतात. मीही लिहू का? लिहून बरे वाटेल का? आणि ते कुणाच्या हाती पडले तर? डॉक्टर म्हणून मला तिसरा प्रश्न पहिल्या दोन प्रश्नांपेक्षा कमी महत्त्वाचा वाटत नाही.

ही पद्धत आली कुठून?

विज्ञानकथांचे चाहते १९३०च्या दशकातच अमेरिकेत अशी घरगुती पत्रके काढत होते. तिला धार आली ती पंक संगीतामुळे. १९७६ साली लंडनमध्ये मार्क पेरी या तरुणाने 'स्निफिन ग्लू' नावाचे पंक संगीताचे पत्रक काढले. पंकवाल्यांचे म्हणणे साधे होते: वाजवता येत नसले तरी वाजवा, लिहिता येत नसले तरी लिहा, परवानगीची वाट पाहू नका. १९९०च्या सुरुवातीला अमेरिकेत 'रायट गर्ल' चळवळीतील मुलींनी याच पद्धतीने आपले शरीर, झालेले अत्याचार आणि मनाचे आजार यांवर लिहिले. त्याआधी हे विषय डायरीत कुलूपबंद असत.

आपल्याकडे हे सगळे परदेशातून आले, असेही नाही. १९६०च्या दशकात अशोक शहाणे यांचे 'असो', राजा ढाले यांचे 'येरू' अशी अनियतकालिके निघत होती. मोठी मासिके जे छापत नव्हती, ते या मंडळींनी तुटपुंज्या पैशात छापले. लैंगिकतेच्या बाबतीत अशोक राव कवी यांनी मुंबईत १९९० साली 'बॉम्बे दोस्त' सुरू केले. लक्ष्मी नारायण त्रिपाठी यांचे आत्मकथन आणि दिशा पिंकी शेख यांच्या कविता मराठीत आहेतच. तुम्हाला जे वाटते त्याला मराठीत शब्द नाहीत, हा समज त्यामुळे खरा नाही.

वेगळा लिंगभाव हा आजार आहे का?

नाही. जन्माच्या वेळी शरीर पाहून 'मुलगा' किंवा 'मुलगी' अशी नोंद होते. पण आपण कोण आहोत, याची आतली जाणीव काहींच्या बाबतीत त्या नोंदीशी जुळत नाही. अशा व्यक्तींना पारलिंगी म्हणतात. काहींना दोन्हीपैकी कुठलाच रकाना आपला वाटत नाही. जागतिक आरोग्य संघटनेने रोगांच्या अकराव्या यादीत ही बाब मानसिक आजारांच्या प्रकरणातून काढून लैंगिक आरोग्याच्या प्रकरणात ठेवली. ही यादी २०१९ साली मंजूर झाली आणि १ जानेवारी २०२२ पासून लागू आहे. भारताच्या सर्वोच्च न्यायालयाने तर १५ एप्रिल २०१४ च्या निकालात आपला लिंगभाव स्वतः ठरवण्याचा हक्क मान्य केला होता.

मग त्रास कशाचा होतो? काहींना स्वतःच्या शरीराचाच त्रास होतो. दाढी फुटते, आवाज बदलतो, छाती वाढते किंवा पाळी येते आणि आरशात पाहवत नाही. दुसरा त्रास बाहेरून येतो. वर्गात 'बायल्या' म्हणून मारलेली हाक, चालण्या-बोलण्यावर घरातले टोमणे, लग्नाची घाई आणि या सगळ्यापेक्षा थकवणारे म्हणजे सतत लपवणे. इलान मायर या संशोधकाने २००३ साली या ताणाची सविस्तर मांडणी केली. अपमान रोज घडलाच पाहिजे असे नाही, तो घडेल या धास्तीत जगणेही शरीराला महागात पडते. असा रुग्ण दवाखान्यात आला की लिंगभावाचे नाव काढत नाही. डोके दुखते, छातीत धडधडते, झोप नाही, भूक नाही, अभ्यासात लक्ष नाही, एवढेच सांगतो. रक्त तपासून सगळे 'नॉर्मल' येते आणि टॉनिक घेऊन तो घरी जातो.

लिहिण्याने नेमके काय होते?

जेम्स पेनेबेकर आणि सँड्रा बील यांनी १९८६ साली एक प्रयोग प्रसिद्ध केला. विद्यार्थ्यांना चार दिवस, रोज १५ मिनिटे लिहायला सांगितले. काहींनी साध्या विषयावर लिहिले, काहींनी आयुष्यातील सर्वांत क्लेशदायक घटनेवर. ज्यांनी घटना आणि तिच्याबद्दलच्या भावना दोन्ही लिहिल्या, त्यांना पुढच्या सहा महिन्यांत डॉक्टरकडे कमी वेळा जावे लागले. मात्र लिहून झाल्या झाल्या त्यांना अधिक वाईट वाटत होते. ही दुसरी गोष्ट लक्षात ठेवा. वही मिटल्यावर रडू आले किंवा अंग जड झाले, तर ते अनपेक्षित नाही. थोड्या वेळाने ते ओसरायला हवे.

२००६ साली अशा १४६ अभ्यासांचा एकत्र आढावा घेतला गेला. फायदा खरा आहे, पण लहान आहे, असे त्यात दिसले. म्हणून लिहिणे ही मदत आहे, नैराश्यावरचा उपचार नाही. डॉक्टरांनी गोळ्या किंवा समुपदेशन सांगितले असेल, तर वहीच्या भरवशावर ते बंद करू नका.

कसे लिहिता यावरही बरेच अवलंबून आहे. 'माझेच असे का' हे एकच वाक्य पानापानावर गोल फिरत राहिले, तर ते चिंतेला खतपाणी घालते. 'आधी असे झाले, मग मी असे केले, आता मला असे वाटते' अशी गोष्ट हळूहळू तयार होऊ लागली, तर उपयोग होतो. झीनचा आकार इथे कामी येतो. एक ए-फोर कागद आठ घड्यांत दुमडून मधोमध एक काप दिला, की आठ छोटी पाने होतात. मुखपृष्ठ आणि मागचे पान सोडले तर सहाच पाने उरतात. सहा पानांत काय ठेवायचे आणि काय वगळायचे, हे ठरवावेच लागते. लिहिता येत नसेल तर चित्र काढा, वर्तमानपत्रातली कात्रणे चिकटवा. अक्षर वाईट असले तरी चालते.

आणि मुखपृष्ठावर नाव तुमच्या मनातले घाला. अमेरिकेत १२९ पारलिंगी तरुणांवर झालेल्या २०१८ च्या एका अभ्यासात, घर, शाळा, काम किंवा मित्र यांपैकी जितक्या जास्त ठिकाणी त्यांनी निवडलेले नाव वापरले जात होते, तितके नैराश्य आणि आत्महत्येचे विचार कमी आढळले. कागदावरचे नाव म्हणजे कुणी मारलेली हाक नव्हे, हे मला कळते. पण घरात ते उच्चारण्याची सोय नसेल, तेव्हा निदान एका जागी ते लिहिलेले असते.

गाव लहान असेल तर

झीनबद्दलचा बहुतेक सल्ला मोठ्या शहरात बसून दिलेला असतो. तिथे झेरॉक्सवाला तुम्हाला ओळखत नाही. मारेगावसारख्या गावात तो तुमच्या वडिलांना ओळखतो. आजकाल दुकानदाराच्या व्हॉट्सअ‍ॅपवर फाइल पाठवून प्रिंट काढतात. ती फाइल त्याच्या मोबाइलमध्ये आणि संगणकात राहते. मोठ्या झेरॉक्स मशीनमध्येही प्रत साठू शकते. म्हणून अशा मजकुराची फाइल दुकानात देऊ नका. प्रती हव्याच असतील तर हाताने दोन-तीन काढा. एकच प्रत असली तरी ती झीनच असते.

खरे नाव, कॉलेज, फोटो टाळा. गावात अक्षरही ओळखू येते, तेव्हा काळजी वाटत असेल तर सुटी मोठी अक्षरे काढा. मित्राबद्दल लिहिताना त्याची ओळख पटेल असे काही लिहू नका. स्वतःबद्दल सांगायचे की नाही हे तुम्ही ठरवाल, त्याच्याबद्दल तो ठरवेल. स्वतःला इजा करण्याचे विचार आले असतील तर ते जरूर लिहा, पण कशाने आणि कसे याचा तपशील दुसऱ्याला द्यायच्या प्रतीत नको. वाचणारा त्याच अवस्थेत असू शकतो. घरात मारहाणीची किंवा जबरदस्तीच्या लग्नाची भीती असेल, तर आज घरात काहीही ठेवू नका. लिहा आणि फाडून टाका. पेनेबेकर यांच्या प्रयोगात लिहिलेले कुणा ओळखीच्याने वाचलेच पाहिजे अशी अट नव्हती.

वही पुरेशी नाही, हे कसे ओळखावे?

दोन आठवड्यांहून अधिक काळ मन उदास आहे, झोप-भूक बिघडली आहे, कशातच रस वाटत नाही, दारू किंवा खर्रा वाढला आहे, तर डॉक्टरांना भेटा. मरणाचे विचार येत असतील तर दोन आठवडे थांबायचे नाही, त्याच दिवशी बोलायचे. १४४१६ या क्रमांकावर 'टेलिमानस' ही सरकारी सेवा चोवीस तास मोफत आहे आणि मराठीत बोलता येते. मारेगावहून यवतमाळला जाऊन यायचे म्हणजे दिवस मोडतो आणि घरी कारण सांगावे लागते, त्यामुळे पहिली पायरी म्हणून फोन सोयीचा आहे. मानसोपचारतज्ज्ञ यवतमाळच्या वसंतराव नाईक शासकीय वैद्यकीय महाविद्यालयाच्या रुग्णालयात भेटतील. समाजातल्या माणसांशी बोलायचे असेल तर नागपुरात सारथी ट्रस्ट आहे.

डॉक्टरांसमोर बोलायला जीभ रेटत नसेल, तर झीनच त्यांच्या टेबलावर ठेवा. वाचायला पाच मिनिटे लागतात आणि तुम्हाला सुरुवात शोधावी लागत नाही. मानसिक आरोग्य सेवा कायदा २०१७ नुसार तुमची माहिती गुप्त ठेवणे त्यांच्यावर बंधनकारक आहे. मात्र जिवाला धोका दिसला तर ती गरजेपुरती सांगावी लागते आणि वय अठराच्या आत असेल तर उपचारांच्या निर्णयात पालक येतात. ही मर्यादा आधीच विचारून घ्या. 'हे बदलून देतो' असे कुणी डॉक्टर म्हणाला तर तिथून उठा. राष्ट्रीय वैद्यकीय आयोगाने २०२२ साली अशा 'उपचारा'ला व्यावसायिक गैरवर्तन ठरवले आहे.

घरच्यांच्या हाती ती पुस्तिका पडली तर

आता दोन शब्द आई-वडिलांशी. गादीखाली असे काही सापडले तर ते फाडू नका, शेजारी किंवा भाऊबंदांना दाखवू नका. रागाच्या भरात त्या रात्री काहीच बोलू नका. दुसऱ्या दिवशी 'मी वाचले, तुझ्याशी बोलायचे आहे' एवढेच म्हणा आणि ऐका. मुखपृष्ठावर जे नाव आहे, ते एकदा उच्चारून पाहा. लग्न लावून दिल्याने हे जात नाही, शिवाय आणखी एका घरातल्या मुलीचे किंवा मुलाचे आयुष्य त्यात ओढले जाते.

आणि पुस्तिकेत मरणाचा उल्लेख असेल, तर बोलण्याच्याही आधी एक काम करा. आपल्या भागात कापसावर फवारायच्या औषधाचे डबे घरातच, माळ्यावर किंवा दारामागे पडलेले असतात. आत्महत्येचा विचार पुष्कळदा काही तासांत ओसरतो, पण हाताशी विष असेल तर तेवढा वेळ मिळत नाही. डबे आजच्या आज कुलपात ठेवा, किल्ली स्वतःजवळ बाळगा किंवा ते नातेवाइकाच्या घरी कुलपात ठेवायला द्या. त्या रात्री मुलाला एकटे झोपू देऊ नका. १४४१६ वर फोन तुम्हीही करू शकता.