शब्द एक, पत्ते अनेक
ऑनलाइन ज्ञानकोशांत तंत्रज्ञानाच्या संदिग्ध शब्दांवरून होणारे वाद आणि मराठीचा प्रश्न

यवतमाळ जिल्ह्यातील महागाव तालुक्यात फुलसावंगी हे गाव आहे. विदर्भात सावंगी नावाची गावे अनेक आहेत. वर्धा शहराजवळच्या सावंगीपुढे कंसात 'मेघे' असे लिहिले जाते, तर फुलसावंगीला 'फुल' या पूर्वपदामुळे वेगळी ओळख मिळते. पश्चिम महाराष्ट्रात 'बुद्रुक' आणि 'खुर्द' ही विशेषणे शतकानुशतके हेच काम करीत आली आहेत. नाव एकच असले तरी पत्र चुकीच्या गावी जाऊ नये, यासाठी समाजाने शोधलेली ही सोपी व्यवस्था आहे. महाजालावरील ज्ञानकोशांपुढे आज नेमका हाच पेच आहे. तेथे गावांच्या जागी शब्द आहेत आणि सर्वाधिक वाद रंगतात ते तंत्रज्ञानाने उसन्या घेतलेल्या शब्दांवरून.

छापील ज्ञानकोशात हा प्रश्न फारसा जाणवत नसे. केतकरांचा 'महाराष्ट्रीय ज्ञानकोश' असो वा तर्कतीर्थ लक्ष्मणशास्त्री जोशी यांच्या संपादनाखाली सुरू झालेला 'मराठी विश्वकोश', नोंदी वर्णानुक्रमाने येतात. एकाच नावाच्या दोन नोंदी असल्या तर त्या एकाखाली एक छापता येतात आणि वाचकाची नजर दोन्हींवरून फिरते. ऑनलाइन ज्ञानकोशात मात्र एका शीर्षकाचे एकच पान असते. नुसता शब्द टंकल्यावर वाचक कोठे पोहोचावा, हे कोणाला तरी आधी ठरवावे लागते. ज्या अर्थाला तो बिनकंसाचा शब्द मिळतो, तो जणू त्या नावाचा मूळ मालक ठरतो. बाकीच्यांच्या वाट्याला कंसातली ओळख येते.

दोन कसोट्या, दोन निकाल

इंग्रजी विकिपीडियाने यासाठी दोन कसोट्या मानल्या आहेत. पहिली वापराची : तो शब्द शोधणाऱ्या बहुसंख्य वाचकांना कोणता अर्थ हवा असतो? दुसरी दीर्घकालीन महत्त्वाची : ज्ञानाच्या दृष्टीने कोणता अर्थ टिकाऊ आहे? तंत्रज्ञानाच्या शब्दांबाबत या दोन कसोट्या हमखास परस्परविरुद्ध दिशांना ओढतात. संगणकासमोर बसलेल्या वाचकांचा कल साहजिकच संगणकाच्या अर्थाकडे अधिक असतो.

त्यामुळे निकालही एकसारखे नाहीत. तेथे 'ॲपल' हा शब्द फळाकडे नेतो आणि कंपनीच्या नावापुढे 'इन्कॉर्पोरेटेड'चे संक्षिप्त रूप जोडलेले असते. 'पायथन' या शब्दावर साप, संगणकभाषा आणि इतर अर्थांची यादी दिसते. 'विंडो' एकवचनी असेल तर भिंतीतली खिडकी मिळते. अनेकवचनी 'विंडोज' मात्र मायक्रोसॉफ्टच्या प्रणालीकडे नेते. 'जावा' हे नाव इंडोनेशियातील बेटाकडे आहे. 1995 मध्ये सन मायक्रोसिस्टिम्सने जाहीर केलेल्या संगणकभाषेला हे नाव त्या बेटावरच्या कॉफीवरून पडले. जगातील सर्वाधिक लोकसंख्येच्या बेटाने आपले नाव एका संगणकभाषेसाठी सोडावे काय, या प्रश्नाचे तेथील उत्तर 'नाही' असे आहे.

देवनागरीतील 'जावा'

मराठीत हाच शब्द आणखी गुंतागुंतीचा होतो. बेट आणि संगणकभाषा हे दोन अर्थ आहेतच. शिवाय चेक बनावटीची 'जावा' मोटरसायकल आहे. 1960 च्या दशकापासून म्हैसूरच्या कारखान्यात ती तयार होऊ लागली आणि एका पिढीच्या मनात घर करून राहिली; 2018 मध्ये हे नाव भारतीय बाजारात पुन्हा आले. रोमन लिपीत बेटाचे आणि मोटरसायकलचे नाव एका अक्षराने वेगळे दिसते. देवनागरीत हा भेद पुसला जातो. त्यात भर म्हणजे 'जाऊ' या अस्सल मराठी नातेवाचक शब्दाचे अनेकवचनही 'जावा' असेच होते. दोन सख्ख्या भावांच्या बायका, एक बेट, एक मोटरसायकल आणि एक संगणकभाषा अशी ही चौघांची एकाच नावावर वहिवाट आहे. इंग्रजी ज्ञानकोशातील निकाल जसाच्या तसा मराठीत आणला, तर यातील निम्मा वाद विचारातच घेतला जात नाही.

याउलट, इंग्रजीला सतावणारे काही वाद मराठीत उद्भवतच नाहीत. आपल्याकडे फळ म्हणजे सफरचंद आणि ॲपल म्हणजे कंपनी. उंदीर बिळात आणि माउस टेबलावर. खिडकी घराला आणि विंडोज संगणकाला. परका शब्द तसाच ठेवल्याने येथे संदिग्धता टळते. पारिभाषिक शब्द घडवताना मात्र ती परत येते. संगणकाच्या 'मेमरी'ला 'स्मृती' म्हटले की मनुस्मृती, याज्ञवल्क्यस्मृती हे धर्मग्रंथ शेजारी येतात. 'लिंक'साठी रूढ झालेला 'दुवा' साखळीची कडीही असतो आणि आशीर्वादही. याचा अर्थ मराठी प्रतिशब्द टाकून द्यावेत असा नव्हे. शब्द घडवणाऱ्याने त्या शब्दाचा जुना संसारही पाहावा, एवढाच आहे.

आकाशवाणी, दूरदर्शन आणि तार

या प्रश्नाची सर्वांत बोलकी उदाहरणे संगणकाच्या आधीची आहेत. देवकीचा आठवा पुत्र तुझा काळ ठरेल, असे कंसाला सांगणारी ती आकाशवाणी. 1935 मध्ये म्हैसूर येथे सुरू झालेल्या खासगी नभोवाणी केंद्राने हे नाव घेतले, पुढे ते राष्ट्रीय प्रसारण संस्थेचे झाले आणि बोलण्यात रेडिओ या माध्यमालाही लागू पडले. 'दूरदर्शन'चेही तसेच आहे. देशात दूरचित्रवाणीचे प्रायोगिक प्रसारण 15 सप्टेंबर 1959 रोजी दिल्लीत सुरू झाले आणि 1976 मध्ये दूरदर्शन आकाशवाणीपासून वेगळे झाले. अनेक वर्षे घरात दुसरी वाहिनीच नसल्याने संस्था आणि माध्यम यांचे नाव एक होऊन गेले. आज 'दूरदर्शन' शोधणाऱ्याला संस्थेचा इतिहास हवा आहे की दूरचित्रवाणीचे तंत्र, हे शब्दावरून कळत नाही.

'तार' हा शब्द तर काळाबरोबर अर्थाचे वजन कसे बदलते याचा नमुनाच. विजेची तार, सतारीची तार आणि दारात पोस्टमन दिसताच काळजाचा ठोका चुकवणारी तार. भारतातील तारसेवा जुलै 2013 मध्ये बंद झाली आणि पुढच्याच महिन्यात 'टेलिग्राम' नावाचे संदेशवहनाचे ॲप अवतरले. नव्या पिढीच्या मनात या शब्दाने ॲपच उभे राहते. केवळ वापराची कसोटी लावली तर दीडशेहून अधिक वर्षांचा इतिहास कंसात जाईल. केवळ महत्त्वाची लावली तर रोजचा वाचक चुकीच्या पानावर उतरेल.

निर्णय कोणाचा?

मराठी विकिपीडिया 1 मे 2003 रोजी सुरू झाला. संदिग्ध शब्दांच्या पानांसाठी तेथे 'निःसंदिग्धीकरण' ही संज्ञा वापरली जाते. शब्द जड असला तरी काम साधे आहे : चौकात उभे राहून कोणता रस्ता कोठे जातो हे सांगणारी पाटी. एखादा अर्थ निर्विवादपणे वरचढ असेल तर बिनकंसाचे नाव त्याला द्यावे आणि पानाच्या माथ्यावर इतर अर्थांची सूचना ठेवावी. तसा नसेल तर पाटीच लावावी. 'जावा'सारख्या शब्दाला मराठीत पाटीच शोभते.

हा वाद वरवर क्षुल्लक वाटतो. पण फुलसावंगीसारख्या गावातील विद्यार्थ्याच्या हाती आज ग्रंथालयाआधी मोबाइल येतो. संगणकभाषेवरील लेखातील दुव्याने त्याला बेटावर नेऊन सोडले, तर बहुधा तो परत फिरून योग्य पान शोधत नाही. मराठीत माहितीच नाही असे समजून इंग्रजीकडे वळतो. शोधयंत्रे आणि प्रश्नांची उत्तरे देणाऱ्या नव्या संगणकीय प्रणालीही ज्ञानकोशांतून माहिती घेतात. त्यामुळे एका पानावरची गल्लत तेथेच थांबेल याची खात्री नसते. इंग्रजीत असा निर्णय चुकला तर वाद घालायला शेकडो जण पुढे येतात. मराठीत लिहिणारे हात थोडे असल्याने एकाने घेतलेला निर्णय वर्षानुवर्षे तसाच राहू शकतो. गावांच्या नावांत बुद्रुक कोण आणि खुर्द कोण, हे तेथल्या लोकांनी ठरवले होते. मराठी शब्दांचे पत्तेही मराठी वाचकांनीच ठरवायला हवेत.