तंबू कुठे ठोकायचा?

व्हिडिओ गेमचे नाव काढले की आपल्या घरांत दोनच चित्रे डोळ्यांपुढे येतात. एक बंदुकीचे, दुसरे पैसे लावून खेळायचे. शाळेत पालकसभेला येणाऱ्या अम्मी-अब्बांच्या तक्रारीही याच दोहोंबद्दल असतात आणि त्या बहुतेक वेळा खऱ्या असतात. या लेखात मात्र अशा एका गेमबद्दल लिहायचे आहे ज्यात कुणी कुणावर गोळी झाडत नाही, पैज लावत नाही. फक्त एक बाई डोंगर चढते आणि अंधार पडायच्या आत तंबू लावायला जागा शोधते.

गेमचे नाव ‘केर्न’. डोंगरात वाट चुकू नये म्हणून वाटसरू दगडावर दगड रचून ठेवतात, त्या रचलेल्या ढिगाला इंग्रजीत हा शब्द आहे. फ्रान्समधल्या मॉन्पेलिए शहरातील ‘द गेम बेकर्स’ या छोट्या कंपनीने तो बनवला आणि जानेवारी २०२६ मध्ये तो कॉम्प्युटर व प्लेस्टेशन ५ साठी बाजारात आला. त्यातल्या गिर्यारोहक बाईचे नाव आवा, डोंगराचे नाव कामी. डोंगर काल्पनिक आहे, पण चढण्याची रीत अगदी खऱ्यासारखी. एक हात, मग एक पाय, मग दुसरा हात, असे एकेक अवयव खडकाच्या खाचेत ठेवावे लागतात. ताकद किती उरली हे दाखवणारी पट्टी पडद्यावर नसते. आवाचा श्वास जोरात चालू लागतो, पाय थरथरू लागतो, त्यावरून खेळणाऱ्याने ओळखायचे. आधाराला खडकात लोखंडी मेख ठोकता येते, तिला पिटॉन म्हणतात. मेखा मोजक्याच असतात, आणि घाईत वेडीवाकडी ठोकली तर मेख वाया जाते.

चढाईचे कौतुक सगळेच करतात. मला मात्र या गेमचा जीव त्याच्या मुक्कामात आहे असे वाटते.

कड्यावर अधूनमधून सपाट, आडोशाची जागा सापडते. तिथेच तंबू लागतो, वाटेल तिथे नाही. तंबू लागला की खेळणाऱ्याचे दुसरे काम सुरू होते. पाठीवरची पिशवी उघडायची. ती फार मोठी नाही, त्यामुळे काय ठेवायचे आणि काय टाकायचे हा निवाडा दर मुक्कामाला करावा लागतो. छोट्या स्टोव्हवर काहीतरी गरम शिजवायचे. सोलवटलेल्या बोटांना चिकटपट्टी गुंडाळायची. मोडक्या मेखा दुरुस्त करायच्या. आवासोबत क्लाइम्बॉट नावाचे एक लहानसे यंत्र असते, ते ठोकलेल्या मेखा काढून परत आणते आणि कचऱ्यापासून हाताला लावायची खडूची पूड बनवते. उद्याचे हवामान बघायचे आणि मग झोपायचे. भूक, तहान आणि थंडी या तिन्हींचा हिशेब सतत चालू असतो. उपाशीपोटी कड्याला लटकलेल्या आवाचे हात लवकर सुटतात हे मुलांना दोन-चार वेळा पडल्यावर आपोआप समजते. घरात नाश्ता न करता पळणाऱ्या मुलांना आपण हेच किती वर्षे सांगतो आहोत!

खऱ्या डोंगरात मुक्कामाची कामे हीच असतात, फक्त कितीतरी पट कष्टाची. स्वयंपाकाचेच बघा. जसजसे उंच जावे तसतसा हवेचा दाब कमी होतो आणि पाणी कमी तापमानाला उकळते. दर तीनशे मीटरला साधारण एक अंश, असा ढोबळ हिशेब धरता येतो. एव्हरेस्टचा दक्षिणेकडचा बेस कॅम्प सुमारे ५,३०० मीटरवर आहे. तिथे पातेल्यातले पाणी खदखदत असले तरी ते शंभर अंशांच्या बरेच खाली असते आणि त्यात डाळ काही केल्या शिजत नाही. म्हणून प्रेशर कुकर वरपर्यंत नेतात, आणि कुकरही नेता येत नाही तिथे सूप, शेवया असे पटकन होणारे पदार्थ चालतात. आणखी वर तर वाहते पाणीच नसते. बर्फ वितळवून पाणी करायचे. डोंगराएवढा बर्फ पातेल्यात घालावा आणि तळाशी दोन पेले पाणी निघावे, असा तो प्रकार. दिवसभर चढून आलेल्या माणसाचे पुढचे दोन-तीन तास यातच जातात.

इथे गृहिणींसाठी एक गोष्ट मुद्दाम सांगते. वारा-बर्फ आत येऊ नये म्हणून तंबू घट्ट बंद करून आत स्टोव्ह पेटवला तर कार्बन मोनॉक्साइड साठतो. त्याला वास नसतो, रंग नसतो, माणूस झोपेतच जातो. थंडीच्या दिवसांत दारे-खिडक्या लावून खोलीत शेगडी ठेवणाऱ्या घरांत हाच धोका असतो. गेममधल्या तंबूत हे घडत नाही, म्हणून मुलांना ते आपणच सांगायला हवे.

उंचीवर शरीराला विरळ हवेची सवय व्हावी लागते, म्हणून एव्हरेस्टवर जाणारे एका दमात वर जात नाहीत. बेस कॅम्पच्या वर चार मुक्काम असतात, शेवटचा सुमारे ७,९०० मीटरवर. वरच्या मुक्कामापर्यंत जायचे, पुन्हा खाली येऊन झोपायचे, मग परत वर. पाहणाऱ्याला ही नुसती येरझार वाटेल, पण तिच्याशिवाय डोके दुखणे, उलट्या, पुढे फुफ्फुसांत पाणी होणे आणि मृत्यू, इथपर्यंत वेळ येऊ शकते.

आणि तंबू चुकीच्या जागी लागला तर काय होते, याची एक खरी हकिकत आहे. ती आपल्या मुलांना माहीत नसते, मोठ्यांनाही क्वचितच.

जगातले दुसऱ्या क्रमांकाचे उंच शिखर के-टू, उंची ८,६११ मीटर. १९५४ साली इटलीची मोहीम ते सर करायला आली होती. वर सामान पोचवणाऱ्यांत पाकिस्तानातील हुंझाचे अमीर मेहदी होते. साधा हमाल म्हणून त्यांची ओळख करून देणे अन्यायाचे होईल. आदल्याच वर्षी, १९५३ मध्ये, नंगा पर्बतच्या मोहिमेतही ते होते. ३० जुलैला मेहदी आणि तरुण इटालियन गिर्यारोहक वॉल्टर बोनाटी प्राणवायूची जड नळकांडी पाठीवर घेऊन शेवटच्या, नवव्या मुक्कामाकडे निघाले. शिखरावर जाणारी जोडी, अकिले कोम्पान्योनी आणि लिनो लाचेदेल्ली, पुढे जाऊन तिथे तंबू लावणार होती. रात्री चौघांनी त्या तंबूत थांबायचे होते.

ठरलेल्या जागी तंबू नव्हता. तो आणखी वर, आडबाजूला लावलेला होता, जिथे अंधारात पोचणे शक्य नव्हते. हाका मारल्या. वरून उत्तर आले, नळकांडी तिथेच ठेवा आणि खाली जा. पण अंधार झाला होता आणि मेहदींची अवस्था खाली उतरण्याची राहिली नव्हती. शेवटी त्या दोघांनी बर्फात जेमतेम बसता येईल एवढी पायरी खोदली आणि सुमारे ८,१०० मीटर उंचीवर, तंबू नाही, झोपायची पिशवी नाही, स्टोव्ह नाही, अशी उघड्यावर रात्र काढली. मेहदींच्या पायांत मापाचे बूटही नव्हते. पहाटे दोघे जिवंत खाली उतरले. त्याच दिवशी, ३१ जुलैला, वरच्या जोडीने ती नळकांडी उचलून के-टू सर केले. इटलीत जल्लोष झाला. मेहदींच्या पायांची सगळी बोटे हिमदंशाने गेली. इस्पितळातून घरी परतल्यावर ते पुन्हा मोहिमेवर गेले नाहीत. १९९९ मध्ये त्यांचे निधन झाले.

तंबू मुद्दाम दूर लावला की नाईलाजाने, यावर इटलीत पन्नास वर्षे वाद चालला. बोनाटींवर उलट आळ घेतला गेला की त्यांनीच वाटेत प्राणवायू वापरला. अर्धशतक उलटल्यावर इटलीच्या गिर्यारोहण संघटनेने बोनाटींची हकिकत अधिकृतपणे मान्य केली. मेहदींना त्याचा काय उपयोग? पहिल्या चढाईच्या यादीत आजही दोनच नावे असतात. माझ्या मते त्या मोहिमेतला सर्वांत मोठा पराक्रम त्या उघड्यावरच्या रात्रीचा होता.

हे वाचून ‘पीक’ या दुसऱ्या गेमचा एक नियम मला फार आवडला. जून २०२५ मध्ये आलेला हा गेम चौघे मित्र एकत्र खेळतात. चार बालवीर एका बेटावर अडकले आहेत आणि डोंगराच्या माथ्यावर पोचायचे आहे. प्रत्येक टप्प्याच्या शेवटी मुक्कामाची शेकोटी असते. जिवंत असलेले सगळे सोबती जवळ आल्याशिवाय ती पेटतच नाही! पुढे धावलेल्याला मागच्याची वाट पाहावीच लागते, किंवा उतरून त्याला हात द्यावा लागतो. शिवाय फार रेंगाळले तर खालून धुके चढत येते, म्हणून मागे राहणाऱ्यालाही ऐष करता येत नाही. शेकोटीवर मार्शमेलो भाजून खातात. पडद्यावरच्या मार्शमेलोने काही बिघडत नाही, पण मुलांनी दुकानात तो मागितला तर पाकिटावर जिलेटिन कशाचे आहे ते वाचून घ्या. आणखी एक पथ्य महत्त्वाचे. या गेममध्ये खेळाडू एकमेकांशी बोलतात. मूल कोणाशी बोलते आहे, तो वर्गमित्र आहे की अनोळखी माणूस, हे घरच्यांना माहीत असलेच पाहिजे.

आता घरातल्या भांडणाकडे येते. मगरिबची अजान होते, अम्मी आवाज देतात, आणि आतून उत्तर येते, ‘बस, पाच मिनिटं.’ ती पाच मिनिटे पंचवीस होतात, मग आवाज चढतात, मग कुणीतरी वायर ओढतो. मूल रडते ते गेम बंद झाला म्हणून, असे आपण धरून चालतो. ‘केर्न’च्या बाबतीत कारण वेगळे असते. नेहमीच्या पद्धतीने खेळताना प्रगती जतन होते ती तंबूत. दोन मुक्कामांच्या मध्ये कड्यावर लटकलेले असताना बंद केले, तर मागच्या तंबूपासूनची सगळी मेहनत जाते. लहान मुलांसाठी सोपी पद्धतही आहे, तिच्यात पडल्यावर थोडे मागे जाऊन पुन्हा प्रयत्न करता येतो. थोरली मुले ती घेत नाहीत, त्यांना कमीपणा वाटतो.

म्हणजे या गेममध्ये थांबायची जागा आधीपासून ठरलेली असते. घरातला नियम घड्याळाऐवजी तिच्यावर बांधता येतो. माझा भाचा आठवीत आहे. त्याच्या घरी असे ठरले आहे की असरनंतर एक चढाई, एका तंबूपासून पुढच्या तंबूपर्यंत. मगरिबला पाऊण तास उरला नसेल तर तंबूतून बाहेर पडायचेच नाही. पिशवी लावायची, मेखा दुरुस्त करायच्या, तेवढे चालेल. पहिला आठवडा त्याने कुरकुर केली. नंतर तोच हिशेब सांगू लागला, ‘अम्मी, वरचा कडा लांब दिसतोय, आज तंबूतच थांबतो.’ ‘पीक’मध्ये हे इतके सोपे नाही. तिथे चार घरे, चार वेळा, आणि एक उठला की तिघे खोळंबतात. त्यामुळे तो गेम त्यांच्याकडे फक्त सुट्टीच्या दिवशी आणि चौघांच्या घरी आधी विचारूनच सुरू होतो.

सगळेच मिटले असे नाही. परीक्षेच्या दिवसांत गेम बंद ठेवला, तेव्हा तो तीन दिवस घुम्यासारखा वागला. खेळ चांगला असला तरी त्याची ओढ ही ओढच असते, आणि रमजानमध्ये रात्री तरावीहनंतर हा पडदा उघडला तर सहरीला उठवणे कठीण जाईल हे कुणालाही कळते. मुक्कामाचा नियम फजरला मदत करीत नाही, तिथे आई-वडिलांनाच ‘नाही’ म्हणावे लागते.

मागे एका इयत्तेत पर्वतांचा पाठ शिकवत असताना मी मुलांना ‘अवताद’ हा शब्द सांगितला होता. कुरआन शरीफच्या सूरह नबामध्ये पर्वतांसाठी तो आला आहे. अर्थ मेखा, तंबूच्या खुंट्या. त्यानंतर दोनच आयतींवर झोपेचा, विश्रांतीचा उल्लेख येतो. शरियतने प्रवाशाला दिलेल्या सवलतीही मग ओघाने निघाल्या. नमाज कसर करणे, पाणी नसेल तर तयम्मुम, थंडीत मोज्यांवर मसह. एका मुलाने विचारले, ‘टीचर, बर्फाच्या डोंगरात तयम्मुम कशावर करायचा?’ मी म्हटले, मौलानासाहेबांना विचारून ये. तो विचारून आला, आणि आल्यावर वर्गाला दहा मिनिटे समजावत होता.