चोवीस वर्षांनी येणारा केक

कल्पित जगातलं पक्वान्न जादूमुळे मनात ठसतं, असं आपण धरून चालतो. माझ्या मते ते रीतीभातीमुळे ठसतं. जे. आर. आर. टॉल्किन यांच्या ‘स्मिथ ऑफ वूटन मेजर’ (1967) या कथेतला महाकेक पाहा. गावाच्या मालकीचा मुदपाकखाना, मानाचा मुख्य आचारी, दर 24 वर्षांनी हिवाळ्यात मेजवानी आणि आमंत्रण फक्त 24 मुलांना. त्यातही काही लायक मुलं राहून जातात आणि भलतीच आत शिरतात, हे लेखक सांगून टाकतो. गावजेवण म्हटलं की हे आलंच! केकच्या पोटात नाणी नि खेळणी दडवतात. ख्रिसमस पुडिंगमध्ये नाणं घालायची इंग्लंडातली चाल ठाऊक असलेल्याला यात नवल वाटत नाही, आणि म्हणूनच मसाल्याच्या जुन्या डब्यातली जादूची चांदणी त्या पिठात बिनबोभाट खपून जाते.

केक हे चांदणी पोचवायचं निव्वळ निमित्त, असं कुणी म्हणेल. मग नोक्स आचाऱ्यावर एवढी शाई का खर्च व्हावी? परी म्हणजे काहीतरी गोडमिट्ट, ही त्याची ठाम समजूत. म्हणून तो केकवर साखरेच्या सुळक्यावर पांढऱ्या कपड्यांतली बाहुली उभी करतो आणि तिच्या पायाशी गुलाबी साखरेत ‘परीराणी’ असं लिहितो. मुळात जॉर्ज मॅकडोनाल्ड यांच्या ‘द गोल्डन की’ला प्रस्तावना लिहिताना टॉल्किन यांनी परीकथेचा अर्थ समजावायला अशाच एका आचाऱ्याचा दाखला घेतला होता. दाखला वाढत गेला आणि प्रस्तावना राहूनच गेली.