नावाचा वारसा

आपले नाव आपल्या मालकीचे आहे, अशी आपली समजूत असते. ते ठेवतात मात्र इतर. बाराव्या दिवशी पाळण्यात घातलेल्या बाळाच्या कानात आत्या नाव सांगते, पुढे वडिलांचे नाव येते आणि शेवटी आडनाव. या तीन पदांपैकी एकच काय ते बाळाचे. बाकीची दोन कुळाची.

दिल्लीत वाढणाऱ्या मराठी मुलांना हे विशेष जाणवते. पहाडगंजातील बृहन्महाराष्ट्र भवनात किंवा नूतन मराठी शाळेत त्यांची नावे कोणाला परकी वाटत नाहीत. बाहेर मात्र मधले नाव वडिलांचे, हे पुन्हा पुन्हा सांगावे लागते. आडनावाच्या अखेरीस ‘कर’ असेल, तर कधी न पाहिलेले एखादे गाव जन्मभर सोबत चालते. आडनावावरून कोणी जात ताडू लागले, की हाच वारसा ओझे होतो. मुलीची गोष्ट आणखी निराळी. लग्नात तांदळाच्या ताटात अंगठीने तिचे नवे नाव लिहिण्याची चाल अनेक घरांत आहे.

कायद्याने सज्ञानतेचे वय 1875 पासून सामान्यतः 18 वर्षे आहे. मतदानाचे वय 21 वरून 18 वर आले ते 1989 मध्ये. सज्ञान व्यक्ती प्रतिज्ञापत्र करून, वर्तमानपत्रात जाहिरात देऊन, राजपत्रात आपले बदललेले नाव प्रसिद्ध करवू शकते. मुलीने आपलेच आडनाव लावावे, असा आग्रह धरणाऱ्या एका पित्याला दिल्ली उच्च न्यायालयाने 2021 मध्ये सुनावले की, मुलगी पित्याच्या मालकीची नसते. महाराष्ट्र शासनानेही 2024 मध्ये वडिलांच्या नावाआधी आईचे नाव लावण्याचा निर्णय घेतला. रूढी अढळ नसते, हे यावरून दिसते.

तरीही हक्क मिळाला म्हणजे निर्णय झाला, असे नव्हे. ज्या गावावरून आडनाव पडले ते कोठे आहे, तेथून घर का सुटले, हे आजीआजोबांना एकदा विचारावे. ते समजल्यावर आडनाव ठेवले काय किंवा सोडले काय, दोन्ही निर्णय सारखेच स्वतःचे ठरतात. न विचारता ठेवलेले नाव केवळ सवयीचे असते. वडीलधाऱ्यांनीही एवढे ध्यानात ठेवावे की, ज्याने आडनाव सोडले त्याने घर सोडलेलेच असते, असे नाही.