मारियुपोलची दृश्यं बाहेर कशी आली

प्रत्येकाच्या हातात कॅमेऱ्याचा मोबाइल आहे, मग युद्धात वेगळा बातमीदार हवाच कशाला, असं हल्ली सर्रास विचारलं जातं. याचं उत्तर २०२२ साली युक्रेनमधल्या मारियुपोलने दिलं. चार लाखांहून अधिक वस्तीचं हे बंदर रशियन सैन्याने वेढलं आणि मार्च उजाडताच वीज, पाणी, नेटवर्क सगळं तुटत गेलं. मोबाइल घरोघरी होते, पण शहराची वाचाच बसली. रेडिओवर लागायचा तो रशियन प्रचार. शेजारच्या गल्लीत काय घडलं हेही लोकांना कळेना.

असोसिएटेड प्रेस या वृत्तसंस्थेचे मस्तिस्लाव चेर्नोव्ह, छायाचित्रकार येवहेन मालोलेत्का आणि निर्माती वासिलिसा स्तेपानेन्को ही युक्रेनी मंडळी रशियाच्या हल्ल्याच्या तासभर आधी तिथे पोहोचली होती. आंतरराष्ट्रीय माध्यमांचे इतर वार्ताहर निघून गेले, तरी ती थांबली. चित्रण जिवावरचं होतंच. पण माझ्या मते खरी कसोटी होती ते बाहेर पाठवण्याची. लुटलेल्या एका किराणा दुकानाबाहेर, जिन्याखाली तेवढी रेंज मिळे. तिथे अंग चोरून बसायचं आणि फाइल जाईपर्यंत हलायचं नाही. पुढे तीही रेंज गेली. ९ मार्चला प्रसूतिगृहावर बॉम्ब पडला, तेव्हा एका पोलिस अधिकाऱ्याने त्यांना वीज आणि इंटरनेट असलेल्या जागी नेलं. व्हिडिओचे तीन भाग केले, तीन मोबाइल ओळीने मांडले आणि अंधारात, तोफांच्या माऱ्यात ते पाठवले. त्याला कित्येक तास लागले.

रशियाच्या लंडनमधल्या दूतावासाने प्रसूतिगृहाची छायाचित्रं बनावट ठरवली; त्यांतली एक गर्भवती सोंग करतेय म्हटलं. वार्ताहर छायाचित्रांतल्या बायकांच्या शोधात दुसऱ्या इस्पितळात गेले. जिच्यावर सोंगाचा आरोप होता, तिला मुलगी झाली होती. स्ट्रेचरवर दिसलेली दुसरी बाई आणि तिचं बाळ, दोघंही दगावली होती. या पायपिटीला मोबाइलवाल्या गर्दीचा पर्याय नाही, असं मी ठामपणे म्हणेन.

१५ मार्चला ही वार्ताहर मंडळी शहराबाहेर पडली. सोबत युलिया पायेव्हस्का या स्वयंसेवी वैद्यकीय कार्यकर्तीच्या बॉडी-कॅमेऱ्याचं नखाएवढं कार्डही होतं, टॅम्पॉनमध्ये दडवलेलं. वाटेत रशियन चौक्या होत्या. दुसऱ्याच दिवशी पायेव्हस्का रशियनांच्या हाती सापडली.

चेर्नोव्हकडे सुमारे ३० तासांचं चित्रण होतं; वेढ्यातून जेमतेम ४० मिनिटं पाठवता आली होती. या चित्रणातून ‘ट्वेंटी डेज इन मारियुपोल’ हा माहितीपट झाला. २०२४ साली त्याला ऑस्कर मिळालं. वाहिन्यांवर काही सेकंदांत सरकलेली दृश्यं इथे आपल्याला अखंड बघावी लागतात, आणि बातमीत जे कधीच आलं नसतं तेही. युद्धाच्या पहिल्याच दिवशी रस्त्यात एक रडणारी बाई चेर्नोव्हला विचारते, जाऊ कुठे? तो सांगतो, घरी जा, सामान्यांवर गोळीबार होत नाही. मग त्याच वस्तीवर तोफगोळे पडतात. आपण चुकलो, हे तो निवेदनात सांगतो आणि तो प्रसंग माहितीपटात ठेवतो.